वाघ आणि वाट : माहूरच्या आख्यानापासून आधुनिक अरण्यवाङ्मयापर्यंत

'मार्ग' हा शब्द संस्कृतात 'मृग' ह्या शब्दावरून सिद्ध झाला आहे. 'मृग' म्हणजे आरंभी केवळ हरिण नव्हे, तर कोणताही वन्य पशू. आणि 'मार्ग' म्हणजे त्या पशूच्या पावलांनी उमटलेली रेघ. मराठीत ह्याच शब्दाचे 'माग' हे रूप झाले व त्याने मूळचा अर्थ अधिक निष्ठेने जपला. 'माग काढणे', 'मागावर असणे', 'मागोवा घेणे' ह्या साऱ्या प्रयोगांत पुढे गेलेल्या जिवाची खूण आणि मागून येणाऱ्याची नजर एकत्र नांदतात. माणसाने वाट पाडली व वाघाने ती अडविली, असा बालकथांतून आणि साहसकथांतून रूढ झालेला समज भाषेच्या इतिहासाला मात्र मान्य नाही. शब्दाच्या साक्षीने पाहता वाट आधी पशूची आहे, माणूस तिच्यावर मागाहून आलेला आहे.

बालवाङ्मय, इतिहासकथन व साहसकथा ह्या तिन्ही प्रकारांत वाघ आणि वाट ही जोडी वारंवार येते. तिचा विचार बहुधा 'प्राणिकथा' किंवा 'शिकारकथा' ह्या सदराखाली होतो व तेथेच थांबतो. प्रस्तुत लेखात ही जोडी एक कल्पनाबंध म्हणून तपासली आहे. आणि ती तपासताना नांदेड व लातूर ह्या दोन जिल्ह्यांची भूमी समोर ठेवली आहे. ह्या निवडीस कारण आहे. मराठी गद्याच्या आरंभकाळातील वाघाचे एक अत्यंत लक्षणीय आख्यान नांदेड जिल्ह्यातील माहूरचे आहे, तर आधुनिक मराठी अरण्यवाङ्मयाच्या नकाशावर हाच प्रदेश जवळजवळ कोरा आहे. ह्या दोन गोष्टींमधील अंतर कसे पडले, हा ह्या विवेचनाचा मुख्य प्रश्न होय.

महानुभाव परंपरेत माहूरचा डोंगर 'सह्याद्रि' ह्या नावाने ओळखला जातो. पंथाच्या 'साती ग्रंथां'पैकी 'सह्याद्रिवर्णन' हे काव्य ह्याच स्थानाचे माहात्म्य गाते. पंचकृष्णांतील चक्रपाणी ऊर्फ चांगदेव राऊळ हे मूळचे फलटणचे. ते यात्रेच्या निमित्ताने माहुरास आले असता डोंगराच्या वाटेवर श्रीदत्तात्रेयप्रभू त्यांच्यासमोर व्याघ्ररूपाने प्रकट झाले आणि त्यांनी आपला चवडा चक्रपाणींच्या मस्तकी ठेवला, अशी पंथाची धारणा आहे. त्या स्पर्शाने त्यांना शक्तीचा स्वीकार घडला व ते पुढे द्वारावतीस गेले.

धार्मिक आशय क्षणभर बाजूस ठेवून केवळ कथेची रचना पाहिली, तरी तिचे वेगळेपण ध्यानात येते. निर्जन वाट, एकटा वाटसरू आणि अकस्मात समोर उभा ठाकलेला वाघ, ही सारी सामग्री पुढील काळातील शिकारकथेची आहे. शिकारकथेत ह्या क्षणानंतर दोनच शक्यता उरतात : वाघ मरेल किंवा माणूस मरेल. माहूरच्या आख्यानात तिसरीच गोष्ट घडते. ज्या पंजाने मृत्यू यावयाचा, त्याच पंजाने अनुग्रह येतो. येथे वाघ सौम्य झालेला नाही, त्याचे व्याघ्रत्व उणे झालेले नाही. त्याच्या सामर्थ्याचे भय कायम राहूनच त्या सामर्थ्याला वेगळा अर्थ लाभला आहे. भयाचा परिहार वाघाचा नाश करून न होता वाघाशी झालेल्या स्पर्शातून होतो, ही कल्पना मराठी कथनपरंपरेच्या उगमापाशीच असावी, ही सामान्य बाब नव्हे.

ह्याच परंपरेतील आणखी दोन गोष्टींची येथे नोंद केली पाहिजे. शके १२०० च्या सुमारास म्हाइंभटाने सिद्ध केलेल्या 'लीळाचरित्रा'त पारध्यांनी पाठलाग केलेला ससा श्रीचक्रधरांच्या आश्रयास येतो व वाचतो. म्हणजे 'माग काढणारा' आणि 'शरण आलेला' ह्यांच्यात ह्या ग्रंथाने कोणाचा पक्ष घ्यावा, हे ठरलेले आहे. दुसरी गोष्ट 'स्थानपोथी'ची. श्रीचक्रधर कोठे गेले, कोठे बसले, कोणत्या गावी कोणत्या दिशेस त्यांचे स्थान आहे, ह्याची ही बारकाईची नोंद होय. वाट हाच ज्याचा विषय आहे असा हा ग्रंथ मराठीत इतक्या लवकर निर्माण व्हावा, ह्यावरून मराठी गद्याचा वाटेशी असलेला संबंध किती जुना आहे हे दिसून येते.

नांदेड जिल्ह्यात वाघाची दुसरी परंपरा लोहा तालुक्यातील माळेगावच्या खंडोबाची. तेथील यात्रेत येणारा 'वाघ्या' हा नावानेच वाघ आहे. देवाच्या दर्शनाने वाघ मनुष्यरूप पावला व भक्त झाला, अशी वाघ्याच्या उत्पत्तीची आख्यायिका आहे. भंडाऱ्याची पिशवी वाघाच्या कातड्याची असावी, असा जुना संकेतही तिच्याशी निगडित आहे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानंतर हे कातडे वापरातून गेले, परंतु नाव राहिले. रा. चिं. ढेरे ह्यांच्या 'खंडोबा' (१९६१) ह्या ग्रंथामुळे ह्या दैवताच्या अभ्यासाला शास्त्रीय अधिष्ठान मिळाले. माहुरास देव वाघ होतो, तर माळेगावास वाघ भक्त होतो. दोहोंतही वाघ व मनुष्य ह्यांच्यामधील सीमा ओलांडता येण्याजोगी मानली आहे, आणि दोन्ही ठिकाणी हे स्थित्यंतर यात्रेच्या वाटेवर घडते.

मौखिक बालकथेकडे वळले असता ह्याच जोडीचे घरगुती रूप भेटते. भोपळ्यात बसून लेकीच्या घरून परतणाऱ्या म्हातारीची गोष्ट महाराष्ट्रात ठाऊक नाही असे घर विरळाच. ही गोष्ट बारकाईने पाहण्याजोगी आहे. म्हातारीला जी वाट चालावयाची आहे ती तीर्थाची नव्हे किंवा मोहिमेची नव्हे. ती लेकीच्या सासरची वाट आहे. वाटेत वाघ भेटतो. म्हातारी त्याच्याशी लढत नाही, करार करते : आता अंगावर मांस नाही, परतताना पुष्ट होऊन येईन. वाघ तो करार मानतो. फसवणूक परतीच्या वाटेवर होते आणि तिचे साधन शेतातील भोपळा असते. शस्त्रावाचून, पुरुषाच्या साहाय्यावाचून, केवळ वाणी आणि युक्ती ह्यांच्या बळावर दोन्ही दिशांनी वाट पार करणारी ही नायिका आहे. आणि महत्त्वाचे म्हणजे कथेच्या शेवटी म्हातारी जिवंत आहे, वाघही जिवंत आहे, रानही जागच्या जागी आहे. पुढच्या वेळी लेकीकडे जाताना तो वाघ पुन्हा भेटेलच, हे ऐकणाऱ्या मुलाला न सांगता कळते.

ह्याच्या उलट 'हितोपदेशा'तील वृद्ध वाघाची कथा. हाती दर्भ व सोन्याचे कडे घेऊन तळ्याकाठी बसलेला वाघ वाटसरूला दानाचे आमिष दाखवितो. लोभी वाटसरू चिखलात रुततो आणि मरतो. येथे वाघ प्रत्यक्ष वाघ नसून दांभिकाचे सोंग आहे. कथेला वाघाविषयी काहीच सांगावयाचे नाही, तिला लोभाविषयी सांगावयाचे आहे. एकोणिसाव्या शतकात मुद्रित मराठी बालवाङ्मयाचा पाया घातला गेला तेव्हा आदर्श म्हणून हाच बोधपर साचा पुढे आला. सदाशिव काशिनाथ छत्रे ह्यांची 'बाळमित्र' व 'इसपनीतिकथा' ही पुस्तके १८२८ मधील. इसापाच्या परंपरेत प्रमुख श्वापद सिंह होय. वाघाला तेथे जवळजवळ स्थान नाही. परिणामी मराठी मुलाच्या पाठ्यपुस्तकात जो सिंह राजा झाला, तो त्याच्या आजीच्या गोष्टीत नव्हता. आणि आजीच्या गोष्टीतील वाघ पाठ्यपुस्तकात आला तो बोधाची झूल पांघरून. एक अपवाद मात्र मनोरंजक आहे. खोटी हाकाटी करणाऱ्या गुराखी पोराच्या कथेतील लांडगा मराठीत लांडगाच राहिला व म्हणीत जाऊन बसला. दख्खनच्या माळरानावर मेंढपाळाचा खरा वैरी लांडगाच असल्यामुळे तो परका वाटला नाही. लातूरसारख्या वृक्षविरळ पठारी जिल्ह्यातील श्रोत्याला ती हाकाटी अनुवाद वाटण्याचे कारणच नव्हते. कथा कोणत्या भूमीवर रुजते, ह्याचे हे छोटे परंतु बोलके उदाहरण आहे.

इतिहासकथनात वाघ रूपक होतो. मुलांसाठी लिहिलेल्या शिवचरित्रांत वाघनखांचे स्थान अढळ आहे. १० नोव्हेंबर १६५९ रोजी प्रतापगडाच्या पायथ्याशी घडलेल्या प्रसंगात वाघाचा पंजा मनुष्याच्या मुठीत येतो. मनुष्य तेवढ्यापुरता वाघ होतो. लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयातील वाघनखे २०२४ च्या जुलैत साताऱ्याच्या संग्रहालयात प्रदर्शित झाली, तेव्हा ती त्या प्रसंगात वापरलेलीच आहेत असे सिद्ध करता येत नाही, ही खुद्द त्या संग्रहालयाची भूमिका पुन्हा चर्चेत आली. समीक्षकाच्या दृष्टीने येथे वस्तूच्या अस्सलपणाइतकाच प्रतिमेच्या कार्याचा प्रश्न महत्त्वाचा आहे. इतिहासकथेला वाघाचे केवळ नख पुरते. तिला अख्ख्या वाघाची गरज नसते.

इतिहासकथेतील वाट मात्र रूपक नसते. १६६० मधील पन्हाळा ते विशाळगड ही वाट चिखल, पाऊस व खिंड ह्यांसह वाचकाच्या मनात ठसली आहे. मराठवाड्याच्या वाटेला असे भाग्य क्वचितच लाभले. १७६० च्या आरंभी उदगीर येथे सदाशिवरावभाऊंनी निजामाचा पराभव केला. त्यानंतर परतूरच्या मुक्कामी उत्तरेच्या स्वारीचा निर्णय झाला व मराठी फौज पानिपताच्या वाटेला लागली. म्हणजे पानिपताची वाट आजच्या लातूर जिल्ह्यातून निघते. तरीही बहुतेक वाचकांच्या मनात ती वाट पुण्याहून निघालेली असते आणि उदगीर हा एका वाक्याचा विजय ठरतो. भूमीला कथनात स्थान मिळाले नाही, तर ती इतिहासात असूनही वाचकाच्या स्मरणात राहत नाही.

साहसकथेत ह्या प्रदेशाला पहिले ठळक स्थान दिले ते एका परकीय लेखकाने. फिलिप मेडोज टेलर (१८०८–१८७६) हा निजामाच्या सेवेत होता. १८५३ मध्ये नळदुर्ग प्रांत इंग्रजांकडे आल्यावर तेथील कारभार त्याने पाहिला. नळदुर्ग आज धाराशिव जिल्ह्यात आहे. लातूरही १५ ऑगस्ट १९८२ पर्यंत ह्याच जुन्या उस्मानाबाद जिल्ह्याचा भाग होते. टेलरची ठगाच्या कबुलीजबाबाची कादंबरी १८३९ मध्ये प्रसिद्ध झाली आणि तुळजापूरच्या परिसरात आरंभ होणारी 'तारा' १८६३ मध्ये. ठगाच्या कादंबरीचा खरा विषय वाट हाच आहे. तीत वाघाच्या शिकारीचा प्रसंग येतो. परंतु वाचकाच्या मनावर उरतो तो वाघाचा धाक नव्हे, तर सहप्रवासी म्हणून गोड बोलत सोबत चालणाऱ्या माणसाचा. वाघाने अडविलेली वाट आणि माणसाने विषारी केलेली वाट ह्यांचा हा विरोध टेलरने साधला, हे त्याचे श्रेय होय. मात्र ह्या वाटांना 'सुरक्षित' करणारी सत्ता परकीय आहे व तिच्या आगमनातच कथेचा शेवट गोड व्हावयाचा आहे, हे गृहीत त्याच्या कथनात खोलवर मुरलेले आहे. वाघ व ठग ह्यांना एकाच मापाने मोजणारी ही दृष्टी वाचकाने जाणून घेतली पाहिजे.

ह्या दृष्टीचेच बालरूप किप्लिंगच्या १८९४ मधील जंगलकथांत आढळते. शिवनीच्या रानातील लंगडा शेरखान तेथे नियमभंग करणारा गुन्हेगार आहे. जिम कॉर्बेटने १९४४ मध्ये कुमाऊंच्या नरभक्षकांविषयी लिहिले तेव्हा मात्र हा साचा आतून बदलला. कॉर्बेटच्या हाती बंदूक आहेच. परंतु त्याची खरी कला माग वाचण्याची आहे. वाघ नरभक्षक का झाला, त्याच्या पंजात साळिंदराचे काटे होते की जुनी जखम होती, हा प्रश्न तो प्रत्येक वेळी विचारतो. गुन्हेगाराच्या जागी कारणपरंपरा येते. मराठीत कॉर्बेट अनुवादरूपाने रुजला, ह्याचे कारण त्याच्या साहसात नसून ह्या न्यायबुद्धीत शोधले पाहिजे.

स्वतंत्र मराठी अरण्यवाङ्मयाने पुढचे पाऊल टाकले. व्यंकटेश माडगूळकर स्वतः शिकारी होते. 'नागझिरा' (१९७९) ह्या पुस्तकात मात्र शिकाऱ्याची नजर निरीक्षकाच्या नजरेत रूपांतरित झालेली दिसते. मारुती चितमपल्ली (१९३२–२०२५) ह्यांनी वनखात्यातील दीर्घ सेवेतून आदिवासींचे शब्दधन, संस्कृत ग्रंथांतील उल्लेख आणि प्रत्यक्ष निरीक्षण ह्यांचा मेळ घातला. त्यांच्या एका गाजलेल्या पुस्तकाचे नावच 'रानवाटा' असावे, हे सूचक आहे. येथे वाट पार करावयाची नसते. ती वाचावयाची असते. वाघ दिसलाच पाहिजे असा हट्ट उरत नाही. त्याचा ठसा, त्याचा वास, त्याच्यामुळे सावध झालेले रान, एवढ्यावर कथन उभे राहते. 'मार्ग' ह्या शब्दाचा मूळ अर्थ येथे पुन्हा जागा झाला आहे.

परंतु ह्या समृद्ध वाङ्मयाचा भूगोल पाहिला म्हणजे एक उणीव स्पष्ट होते. मराठी वाचकाची अरण्यदृष्टी घडविणारे ग्रंथ प्रामुख्याने नवेगाव, नागझिरा, मेळघाट येथील, अनुवादांतून कुमाऊंचे, तर दुर्गवाङ्मयातून सह्याद्रीच्या घाटमाथ्याचे आहेत. किनवट–माहूरचे सागवान, पैनगंगेचे खोरे, सहस्रकुंडाचा परिसर, तेथील गोंड, कोलाम, आंध व बंजारा समाजांच्या वाटा ह्यांना त्या तोडीचे स्थान लाभले नाही. ह्याचे एक कारण असे संभवते की मराठवाड्याच्या आधुनिक साहित्याने आपली शक्ती दुष्काळ, शेती, गाव व सामाजिक संघर्ष ह्यांच्या चित्रणात वेचली. आणि ते त्या भूमीच्या गरजेला धरूनच होते. 'मराठवाडा म्हणजे माळ' ही प्रतिमा त्यातूनच दृढ झाली. ती लातूरपुरती बऱ्याच अंशी खरी आहे, किनवटपुरती मुळीच नाही.

ह्यावर असा आक्षेप घेता येईल की साहित्य म्हणजे वनखात्याची नोंदवही नव्हे. मुलाला वाघ कुमाऊंचा भेटला काय आणि किनवटचा भेटला काय, कल्पनाशक्तीचे काम सारखेच होते. हा आक्षेप अर्धा खरा आहे. म्हातारीच्या गोष्टीतील वाघाला गावाचे नाव नाही आणि त्यावाचून काही अडत नाही. परंतु लोककथेचे रान ऐकणाऱ्याच्या गावामागचेच असते, ते वेगळे सांगावे लागत नाही. छापील पुस्तक स्थळाचे नाव घेते तेव्हा स्थिती बदलते. रान नेहमी दुसऱ्याच जिल्ह्यात असते, असे जे मूल पुस्तकांतून शिकते, ते आपल्या शिवारातील पाऊलखूण वाचावयास शिकत नाही.

आणि पाऊलखुणा तर उमटत आहेत. यवतमाळ जिल्ह्यातील टिपेश्वर अभयारण्यात २०१९ च्या फेब्रुवारीत गळपट्टा बसविलेला एक तरुण नर वाघ त्याच वर्षीच्या पावसाळ्यात बाहेर पडला. महाराष्ट्र व तेलंगण ह्यांच्या सीमा ओलांडीत, पैनगंगेच्या परिसरातून, शेते, ओढे, रस्ते पार करीत तो वर्षाच्या अखेरीस बुलढाण्याच्या ज्ञानगंगा अभयारण्यात पोहोचला. तोवर त्याची चाल सुमारे १३०० किलोमीटर झाली होती; गळपट्टा उतरेपर्यंतची एकूण नोंद ३००० किलोमीटरांच्या घरात गेली. ह्या साऱ्या प्रवासात त्याने मनुष्यबळी घेतला नाही. पुढे डिसेंबर २०२४ मध्ये टिपेश्वरचाच एक वाघ लातूरच्या शेजारच्या धाराशिव जिल्ह्यातील येडशी–रामलिंग घाट अभयारण्यात आढळला. ज्या माळाला वाघ नाही असे गृहीत धरले होते, त्या माळाच्या कडेने वाघाची वाट जाते, हे ह्या दोन घटनांनी दाखविले. म्हातारीच्या कथेतील वाटसरू आणि वाघ ह्यांची अदलाबदल झाली आहे : आता लांबची वाट वाघाला चालावयाची आहे आणि वाटेत भेटणारा माणूस आहे.

बालवाङ्मयापुढील खरा प्रश्न येथे उभा राहतो. वाटेवर आलेल्या वाघाकडे कसे पाहावयाचे, ह्याचे साचे मूल पुस्तकांतून घेते. शेरखानाचा साचा घेतला तर काठ्या घेऊन धावणारा जमाव योग्य ठरतो. वाघाला निव्वळ देखणे व निरागस रूप देणाऱ्या अलीकडच्या भाबड्या संरक्षणकथांचा साचा घेतला, तर ज्याची गाय वाघाने मारली त्या शेतकऱ्याचे दुःख अदृश्य होते. आणि ते अदृश्य करणारे पुस्तक खेड्यातील मुलाला खोटे वाटल्यावाचून राहत नाही. ह्या दोहोंपेक्षा वेगळा साचा ह्याच भूमीच्या परंपरेत आहे. माहूरच्या आख्यानात भय नाकारलेले नाही, वैरही मानलेले नाही. माळेगावच्या वाघ्यात वाघाशी नाते आहे, परंतु ते विधीने व मर्यादेने बांधलेले आहे. म्हातारीच्या गोष्टीत वाघाला चुकवावयाचे आहे, संपवावयाचे नाही. भय, मर्यादा व सहवास ह्यांचा हा तोल आधुनिक अरण्यवाङ्मयाने शास्त्रीय निरीक्षणाच्या आधारे पुन्हा साधला. तो किनवटच्या रानात व लातूरच्या माळावर आणून बालवाचकापर्यंत पोचविणे हे कार्य शिल्लक आहे.

ह्यासाठी संशोधनाच्या काही दिशा सुचविता येतात. किनवट–माहूर परिसरातील गोंड, कोलाम व आंध समाजांतील वाघविषयक कथा त्यांच्या बोलीसह संकलित होणे अगत्याचे आहे. म्हातारीच्या कथेचे नांदेड व लातूर जिल्ह्यांतील पाठभेद गोळा केले, तर कोठे वाघ आहे व कोठे त्याच्या जागी लांडगा किंवा कोल्हा आला आहे, ह्यावरून लोककथेचा स्थानिक भूगोल हाती लागू शकेल. महानुभाव ग्रंथांतील वनविषयक उल्लेखांचा स्वतंत्र अभ्यासही ह्याच कार्याचा भाग होय. माग हा नेहमी अर्धवट मिळतो. पुढचा ठसा कोठे असेल ह्याचा तर्क करूनच तो काढावा लागतो. माहूरच्या डोंगरवाटेवर मराठी गद्याला जो ठसा सापडला होता, त्याच्या पुढचा ठसा शोधण्याचे काम त्याच प्रदेशातील विद्यापीठीय अभ्यासकांकडे स्वाभाविकपणे येते.